खदान सर आणि अठ्ठावीस सिनेमे

आमच्या ज्युनियर कॉलेजात भूगोल शिकवणाऱ्या सरांना इटली तोंडपाठ होती. अमरावती मात्र तीस वर्षं राहून त्यांना जमली नाही. राजापेठला जायला निघालेला हा माणूस वलगावच्या रस्त्याला लागायचा आणि तिथल्या एखाद्या पानठेल्यावरून मला फोन करायचा, कारण स्वतःचा मोबाइल बाळगणं त्यांच्या तत्त्वात बसत नव्हतं. दुसऱ्याचा चालायचा. पण रोमच्या स्टुडिओच्या मागच्या फाटकातून निघालेला ट्रक दगडाच्या खाणीपर्यंत कोणकोणत्या वळणांनी जातो, हे विचारा; डोळे मिटून सांगायचे. रोमला ते कधी गेले नव्हते. तेल्हारा, अकोला आणि अमरावती एवढ्यातच त्यांचं आयुष्य गेलं, आणि त्यातल्या दोन ठिकाणी ते रस्ता चुकत.

खाणीला आमच्या वऱ्हाडात खदान म्हणतात. पोरांनी सरांचं नाव खदान सर ठेवलं होतं. सरांना ते माहीत होतं आणि आवडतही होतं. "पोरायनं नाव बरोबर ठेवलं," ते स्टाफरूममध्ये सगळ्यांसमोर म्हणायचे. "प्रिन्सिपल साहेबाचं काय ठेवलं, थे सांगू का?" प्रिन्सिपल साहेब समोरच बसलेले असत. त्यामुळे सरांची वेतनवाढ दर वेळी कुठल्या तरी कागदापाशी अडायची, आणि सर दर वेळी आश्चर्य करायचे.

या सगळ्या इटलीच्या मागे एक माणूस होता. सिनेमे काढणारा. आपल्याकडे तो कुणाला माहीत असण्याचं कारण नाही आणि त्याच्या गल्लीतही फारसा कुणाला माहीत नसावा. युद्ध संपल्यावर तो कॅमेऱ्याची तिपाई उचलणारा म्हणून लागला. पुढे लोकांना पिळदार दंडांचे पहिलवान आवडायला लागले तेव्हा त्यानं पहिलवानांचे सिनेमे काढले. लोकांना पहिलवानांचा कंटाळा आला तेव्हा त्यानं पडके किल्ले, वटवाघळं आणि पांढऱ्या झग्यातल्या बायका काढल्या. मग घोड्यावरचे बंदूकवाले आले, त्यांच्यामागून काळ्या चष्म्याचे गुप्तहेर. तीन आठवड्यांत एक सिनेमा. नट तेच, घोडे तेच, फक्त कपडे बदलायचे. इटालियन माणसानं काढलेला अमेरिकन बंदूकवाला इटलीत कोण बघणार, म्हणून पडद्यावर दर वेळी एखादं अमेरिकन वाटणारं खोटं नाव. नटांची नावं खोटी, आवाज दुसऱ्याचे, रक्त टोमॅटोचं. अशा माणसाची समग्र कारकीर्द मराठीत लिहायची, हा सरांचा संकल्प होता. त्याला ते 'आपला गडी' म्हणत.

"इटालियनमधे त्याच्यावर पुस्तक नाई. इंग्रजीत नाई," ते मला सांगायचे. "पह्यलं पुस्तक मराठीत येऊन राह्यलं, आन थे बी तेल्हाऱ्याच्या मानसाचं. समजून राह्यले का तुमी?"

मला एवढंच समजत होतं की या कामात इंग्रजी पत्रव्यवहार लागणार आहे आणि कॉलेजात इंग्रजी मी शिकवतो.

तेल्हाऱ्यात लहानपणी सरांनी तंबूतल्या टॉकीजमध्ये पहिलवानाचा एक सिनेमा पाहिला होता. त्या दिवशी भोंगा बंद पडला होता, म्हणून सिनेमा मुका चालला. तेव्हापासून सिनेमा आवाज बंद करूनच पाहायचा, हा त्यांचा नियम झाला. आमच्या कॉलेजला कुठल्याशा योजनेत डिजिटल फळा मिळाला. तो वापरणारे सर एकटेच. चार वाजता वर्ग सुटला की त्या फळ्यावर आपल्या गड्याचा सिनेमा लागायचा. किल्ल्याच्या पायऱ्यांवर झग्यातली बाई तोंड फाडून किंचाळते आहे, आवाजाचा पत्ता नाही, आणि सर हातातली छडी तिच्या कानामागच्या दगडावर टेकवून उभे.

"बाई जरा बाजूले झाली असती तं बरं झालं असतं," ते हळहळून म्हणायचे.

कारण त्यांचं सगळं संशोधन त्या दगडावर उभं होतं. पहिलवानाच्या मागे, भुताच्या मागे, बंदूकवाल्याच्या मागे एकच खडक दिसायचा. वर पांढरा पट्टा, खाली पिवळा, आणि मधून तिरकी गेलेली एक काळी भेग. ती भेग थेट नकाशातल्या पूर्णा नदीसारखी होती, उपनद्यांसकट. रोमबाहेरची ती एक खाण होती. आपल्या गड्याच्या खऱ्या नावानं असलेले सिनेमे अकरा. सरांनी पुढची वीस-बावीस वर्षं जुन्या कॅसेटी, सीड्या आणि नंतर यूट्यूब धुंडाळून आणखी सतरा सिनेमे शोधले, ज्यांत पूर्णा नदी दिसत होती. दिग्दर्शकाच्या जागी कसलीही अमेरिकन नावं असोत, सरांनी ते सतराही गड्याच्या पदरात टाकले. एकूण अठ्ठावीस. परदेशात एकेका सिनेमाला चार चार नावं असायची, म्हणून सरांनी सगळ्यांचं मराठीत बारसं केलं: 'सात विधवा आणि एक घोडा', 'बहिऱ्याची बंदूक', 'किल्ल्यातला सर्दाळ पाहुणा'.

"नाव खोटं बोलते," हे त्यांचं वाक्य. "दगड खोटं बोलत नाई."

त्यांची नक्कल स्टाफरूममध्ये मी सगळ्यात चांगली करायचो. छडी, डोळे मिटणं, 'दगड खोटं बोलत नाई', सगळं. लोक पोट धरून हसायचे. एकदा मागे वळून पाहिलं तर सर दारात उभे. "छडी उजव्या हातात धरतो मी," एवढं सांगून ते तासाला गेले.

सरांची आणखी एक सवय सांगायला हवी. दर वर्षी जूनमध्ये अकरावीचा पहिला तास लागला की ते म्हणायचे, "पेन काढा." पाठ्यपुस्तकातल्या चुका त्यांना पानवार पाठ होत्या. कुठे नदी भलत्या बाजूनं वाहायची, कुठे घाटाची उंची चुकलेली. सर पान सांगत, ओळ सांगत, साठ पोरं एकदम खोडत आणि वर बरोबर ते लिहीत. एखादा म्हणायचा, सर, पुस्तकच चुकीचं आहे तर शिकायचं कशाला? "चूक हाये म्हनून पुस्तक फेकाचं नाई. चूक खोडाची आन पुस्तक वापराचं." पहिल्या तासाला यापलीकडे ते काही शिकवत नसत, आणि मला विचाराल तर बाकीच्या वर्षभरातही पोरांच्या लक्षात तेवढंच राहायचं.

एका हिवाळ्यात त्यांनी नांदगाव खंडेश्वरच्या रस्त्यावरच्या एका बंद पडलेल्या खदानीत शैक्षणिक सहल काढली. इंग्रजीच्या शिक्षकाचं तिथं काय काम, हे मला पोचल्यावर कळलं. सरांनी पिशवीतून एक पांढरी चादर काढून माझ्या अंगाला गुंडाळली आणि मला पूर्वेच्या कड्याखाली उभं केलं. पोरानं फोटो काढला. मग चादर काढून डोक्यावर कुणाची तरी उन्हाची टोपी चढवली, हातात बंदूक म्हणून तुराटीची काडी दिली आणि पश्चिमेच्या कड्याखाली उभं केलं. आणखी एक फोटो. एकात मी ग्रीसमध्ये होतो, दुसऱ्यात मेक्सिकोत. दोन्हीकडे मूर्ख दिसत होतो. ते फोटो अजूनही माजी विद्यार्थ्यांच्या ग्रुपवर माझ्या वाढदिवसाला येतात.

"पाह्यलं? खदान एक. कोन बदलला का देश बदलते," सर पोरांना म्हणाले. "आता कितीही नावं बदला, मी दगड पाहून सांगतो मानूस कोनता."

तेव्हा निखत नावाच्या मुलीनं हात वर केला. तिचे अब्बा इतवारा बाजारात कुलपं दुरुस्त करायचे आणि पोरगी तशीच, जिथे अडेल तिथे हात घालणारी. "सर, लेकिन खदान तो खदान है ना," ती म्हणाली. "दुसरा कोणी येऊन तिथंच शूटिंग करून गेला असंल तर?"

सर म्हणाले, "बस खाली."

निखत दगडावर बसली. मला तो प्रश्न तिथेच पटला होता. पण मी तेव्हा चादरीवरची धूळ झटकण्यात गुंतलो होतो, आणि खरं सांगायचं तर सरांचं खोटं ठरणं ही माझ्यासाठी तेव्हा तातडीची गोष्ट नव्हती.

जेवताना सर माझ्या शेजारी येऊन बसले. डब्यातल्या भाकरीचा तुकडा हातातच राहिला. "माह्या बापानं चोवीस वर्षं गिट्टी फोडली, सर. तेल्हाऱ्याकडच्या रस्त्याची. बोटं पाह्यले असते तुमी त्याचे, वाकडे झाले होते पार. रस्ता झाला, पाटी लागली. पाटीवर मंत्र्याचं नाव, ठेकेदाराचं नाव, ओवरसियरचं बी नाव." त्यांनी तुकडा परत डब्यात ठेवला. "रस्ता उखडला का आतून थे गिट्टी निघते अजून. मी उचलून पाह्यतो. त्याच्या हातची हाये, मले समजते." मला त्या दिवशी सरांबद्दल फार बरं वाटलं. ते टिकलं नाही, हा माझा दोष.

पत्रं तर मी वीस वर्षं लिहिली. आधी पोस्टानं, मग माझ्या मेलवरून, कारण मेलही सरांच्या तत्त्वात बसत नव्हता. स्टुडिओंना, मासिकांना, नगरपालिकांना, एका स्मशानभूमीच्या व्यवस्थापकाला. सर वऱ्हाडीत सांगायचे, "त्यायले लिहा, का बाप्पा, दोन वर्षं झाले, उत्तर काहून देऊन नाई राह्यले?" मी लिहायचो, आपल्या उत्तराची आम्ही नम्रपणे वाट पाहत आहोत. सर कागद हातात घेऊन संशयानं पाहायचे. "मी येवढं बोललो आन हे येवढुसंच कसं झालं?" त्या सगळ्या पत्रांना एकच उत्तर आलं होतं, एका सिमेंट कंपनीचं. आम्हाला सिमेंट नको आहे, हेही मीच कळवलं.

शेवटी सर निवृत्त होऊन अकोल्यात राहायला गेले आणि पुस्तक लिहून झालं. तिथल्याच एका छोट्या छापखान्यात ते छापायला दिलं. प्रुफं तपासायला अर्थातच मी. दोनशे चौदा पानं मी दोनदा वाचली. सहाव्या पानावर मनोगत होतं. त्यात छापखान्याच्या मालकाचं नाव होतं, अक्षरजुळणी करणाऱ्या मुलीचं नाव होतं, ज्याच्या पानठेल्यावरून फोन करायचे त्याचंही नाव होतं. आणि खाली एक ओळ: 'इंग्रजी पत्रांच्या टंकलेखनासाठी एका सहकाऱ्याची मदत झाली.'

टंकलेखन. एक सहकारी. मी ती ओळ इतक्या वेळा वाचली की तीत एकही मुद्रणदोष नाही याची मला खात्री झाली. मला राग आला होता. आमच्या अंजनगाव सुर्जीच्या माणसाला येतो तसा, वरून काही न दिसणारा. बापाचं नाव पाटीवर नाही म्हणून हातातली भाकर खाली ठेवणारा हा माणूस माझं नाव विसरला होता, की त्यानं मुद्दाम लिहिलं नव्हतं, हे मी विचारलं नाही. प्रुफावर 'बरोबर' अशी खूण करून दिली.

त्यानंतरच्या सोमवारी सकाळी माझ्या मेलवर इटलीहून पत्र आलं. आपल्या गड्याच्या मुलीचं. ती कुठल्या तरी गावात औषधांच्या दुकानातून निवृत्त झाली होती आणि आमचं चार वर्षांपूर्वीचं पत्र फिरत फिरत तिच्यापर्यंत पोचलं होतं. तिनं लिहिलं होतं की वडील केलेल्या प्रत्येक कामाची वहीत नोंद ठेवत, आणि त्या वहीत सिनेमे अकरा आहेत. ती खाण दिवसाच्या भाड्यानं मिळायची. रोममधला जो तो तिथेच यायचा. वडील तक्रार करत, की एकदा दुसऱ्या कंपनीचे पहिलवान बाहेर निघेपर्यंत त्यांना आपले बंदूकवाले घेऊन उन्हात ताटकळावं लागलं होतं. 'तुम्ही पाठवलेल्या यादीतले बाकीचे सतरा सिनेमे वडिलांचे नाहीत. कुणाचे ते मला माहीत नाही. पण इतक्या लांबच्या कुणी तरी त्यांचा इतका विचार केला, हे वाचून मी दिवसभर रडले.'

छपाई सुरू व्हायची होती. एक फोन केला असता तर सतरा सिनेमे निघाले असते, पुस्तक निम्मं झालं असतं, पण खरं झालं असतं. मी फोन केला नाही. आधी स्वतःला सांगितलं की म्हाताऱ्याला धक्का बसेल. मग सांगितलं की योग्य वेळ पाहून सांगू. गुरुवारी छापखान्याच्या मालकाचा फोन आला, "सर, चालू करू का मशीन?" मी म्हणालो, "करा." त्या दिवशी मला जेवण छान गेलं, हेही सांगून टाकतो.

त्याच्या पुढच्या आठवड्यातल्या रविवारी अकोल्यात प्रकाशन झालं. एका शाळेचा हॉल, चाळीसेक माणसं. निवृत्त मास्तर, जुने विद्यार्थी, सरांच्या गल्लीतल्या बुद्धविहारातली मंडळी. प्रमुख पाहुण्यांनी पुस्तक उलटं धरून प्रकाशित केलं आणि इटलीतल्या शिक्षणपद्धतीवर पंचवीस मिनिटं बोलले; तोवर सगळ्यांच्या हाती एकेक प्रत पोचली. निखतही आली होती. ती आता अकोल्यातच एका शाळेत भूगोल शिकवते. सर बोलायला उभे राहिले. त्यांनी पुन्हा सगळ्यांचे आभार मानले, हॉलचा पंखा दुरुस्त करणाऱ्याचेसुद्धा. माझे नाही. मग म्हणाले, "कोनाले काही विचाराचं असंल तं विचारा."

पत्राची छापलेली प्रत माझ्या खिशात होती. ती मी घरून निघतानाच ठेवली होती, त्यामुळे अचानक राग आला वगैरे म्हणण्यात अर्थ नाही. मी उभा राहिलो आणि अख्खं पत्र मराठीत वाचून दाखवलं. मुलीचं रडणंसुद्धा सोडलं नाही. वीस वर्षांत इतकं चांगलं भाषांतर मी केलं नव्हतं.

सरांनी हात पुढे केला. मी कागद नेऊन दिला. इंग्रजी त्यांना वाचता येत होतं, सावकाश. त्यांनी शेवटपर्यंत वाचलं, घडी घातली, पुस्तकाखाली ठेवली. त्यांचं तोंड पार उतरलं होतं आणि टेबलाची कड त्यांनी दोन्ही हातांनी धरली होती. मला वाटलं, आता हा माणूस खाली बसेल.

"पेन काढा," सर म्हणाले.

कुणाला काही कळेना. जुने विद्यार्थी मात्र सवयीनं खिसे चाचपायला लागले.

"पोरगी बरोबर हाये. वही तिच्यापाशी हाये, माह्यापाशी नुसता दगड होता. पान एकेचाळीस. 'बहिऱ्याची बंदूक'. खोडा."

चाळीस माणसांनी खोडलं. सर स्वतःच्या प्रतीतही खोडत होते. पान अठ्ठेचाळीस. पान त्रेपन्न. 'सात विधवा आणि एक घोडा'वर त्यांनी एकोणीस पानं लिहिली होती. ती त्यांची लाडकी होती. तिथं ते पाणी प्यायले आणि म्हणाले, "सगळे एकोनीस. तिरकी रेघ मारा, वेळ नाई." प्रमुख पाहुण्यांनी कुणाकडून तरी पेन मागून घेतलं. एकामागून एक सतरा सिनेमे गेले. मीही माझ्या प्रतीत खोडत होतो. मला जे पाहायचं होतं ते यात कुठंच नव्हतं.

"हे सतरा कोनाचे, थे मले मालूम नाई," सर म्हणाले. "त्यायचा बी कोनी बाप असंल. शोधा लागन." मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "सर, पत्र कधी आलं होतं?"

मी अजून उभाच होतो. "मागच्या आठवड्यात," मी म्हणालो. "सोमवारी."

"आन छपाई?" त्यांनी छापखान्याच्या मालकाला विचारलं.

"त्याच गुरुवारी," मालक बिचारा खरं बोलून गेला. "ह्या सरायलेच विचारून मशीन चालू केली होती."

चाळीस माणसं माझ्याकडे बघायला लागली. सर पुस्तकाची पानं मागे उलटत होते.

"पान सहा," ते म्हणाले. "खालून दुसरी ओळ. 'टंकलेखन' खोडा. 'एक सहकारी' खोडा. माही चूक होती. तिथं नाव लिहा." आणि त्यांनी माझं नाव सांगितलं, आधी माझं, मग वडिलांचं, मग आडनाव. लोकांना लिहायला वेळ मिळावा म्हणून सावकाश, दोनदा. हॉलभर पेनांचा आवाज येत होता. वीस वर्षं मला जिथे नाव हवं होतं तिथे ते चाळीस प्रतींत, चाळीस वेगवेगळ्या अक्षरांत लिहिलं जात होतं, आणि लिहून झालेला प्रत्येक जण मान वर करून मला एकदा पाहून घेत होता.

"बसा," सर मला म्हणाले.

मी बसलो. त्यांनी चष्मा पुसला, परत घातला आणि शेवटच्या रांगेकडे पाहिलं.

"निखत, ऊठ. तुहा प्रश्न राह्यला होता. बोल."